अदृश्य होण्याची शाळा आणि उंबऱ्यावरची माती

प्रति,
मा. संचालक,
महाराष्ट्र राज्य पाठ्यपुस्तक निर्मिती व अभ्यासक्रम संशोधन मंडळ (बालभारती), पुणे

विषय: अदृश्य होण्याच्या विद्येच्या दोन जुन्या कथांना आठवीच्या मराठीच्या पाठ्यपुस्तकात जागा मिळण्याबाबत

महोदय,


माणसाला दिसेनासे करणारी विद्या शिकवणारी एक शाळा कौटिल्याच्या अर्थशास्त्रात आहे. ती खोटी आहे आणि ती राजाच्याच हेरांनी चालवलेली आहे. ‘कंटकशोधन’ या चौथ्या अधिकरणात समाजाला उपद्रव देणाऱ्यांना हुडकून काढण्याचे उपाय येतात, त्यांतला हा एक. सिद्धपुरुषाचे सोंग घेतलेले हेर वाईट मार्गाला लागू पाहणाऱ्या तरुणांना गाठतात. गुंगी आणण्याचा मंत्र, दार उघडण्याचा मंत्र आणि अंतर्धान पावण्याचा मंत्र शिकवतो, असे आमिष दाखवतात. पोरांचा उत्साह वाढला की रात्री त्यांना घेऊन एका गावाला निघतात. वाटेत गुरुजी म्हणतात, तिथवर जाणे आता कठीण. विद्येचा प्रभाव इथेच पाहून घ्या.

ते ‘इथे’ आधीच ठरलेले असते. गावातली माणसे सांगून सवरून बसवलेली असतात. मंत्र म्हटला की दार उघडते, कारण आतला माणूस कडी काढतो. अंतर्धानाचा मंत्र म्हटला की पोरे जाग्या पहारेकऱ्यांच्या मधून चालत जातात आणि पहारेकरी बघून न बघितल्यासारखे करतात. गुंगीच्या मंत्राने पहारेकरी झोपेचे सोंग घेतात आणि पोरे त्यांना खाटेसकट उचलून हलवतात. एकदा विश्वास बसला की खुणा केलेल्या वस्तू ज्या घरांत ठेवल्या आहेत, तिथे या शिष्यांना चोरी करायला लावायचे आणि मुद्देमालासह पकडायचे.

गुन्हा करण्याआधीच एखाद्याला असे जाळ्यात ओढणे न्याय्य आहे का, हा प्रश्न आठवीच्या वर्गातही विचारला जाईल आणि विचारला जावा. पण या उताऱ्यात त्याहून मोठे धन आहे. भोंदूगिरीचा सगळा सांगाडा इथे उघडा करून ठेवला आहे: आधी लालूच, मग ऐनवेळी बदललेली जागा, पढवलेले साथीदार, डोळ्यांदेखत घडलेला ‘चमत्कार’, आणि शेवटी विश्वासाची वसुली. आज भंडारा जिल्ह्यात किंवा राज्यात कुठेही शेतात पुरलेला हंडा काढून देतो म्हणणारा माणूस याच पायऱ्या चढतो. शामशास्त्रींनी 1909 मध्ये म्हैसूरहून अर्थशास्त्र छापले, प्रा. र. पं. कंगले यांची चिकित्सक आवृत्ती 1960 मध्ये मुंबई विद्यापीठाने काढली. इतकी वर्षे हा उतारा आपल्या हाताशी आहे. तो शाळेपर्यंत आलेला नाही.

दुसरी कथा नागार्जुनाची आहे, आणि ती विदर्भाच्या अधिक जवळची आहे.

महायान बौद्ध परंपरेतला हा थोर तत्त्वज्ञ साधारण दुसऱ्या-तिसऱ्या शतकातला मानला जातो. चौदाव्या शतकातला तिबेटी इतिहासकार बुतोन त्याचा जन्म विदर्भातल्या एका श्रीमंत ब्राह्मणाच्या घरी झाल्याचे सांगतो. रामटेकजवळ आजही नागार्जुन टेकडी दाखवतात. नागार्जुन नावाचे तत्त्वज्ञ, रसायनशास्त्री आणि सिद्ध लोकस्मृतीत एकमेकांत मिसळून गेले आहेत; पण आपल्या कामाची कथा पाचव्या शतकाच्या आरंभी चीनमध्ये पोचलेल्या कुमारजीवाच्या नावावर असलेल्या चरित्रात आहे.

त्या कथेतला नागार्जुन तरुण आहे, हुशारीची घमेंड असलेला आहे. त्याचे तीन मित्र आहेत. शिकायचे ते सगळे शिकून झाले, आता सुख भोगायचे, असे चौघांचे ठरते. राजवाड्यात शिरायला अदृश्य होणे हाच मार्ग. ते एका जादूगाराकडे जातात. जादूगार मनात हिशेब करतो: ही पोरे बुद्धिमान आहेत, विद्या मिळाली की माझ्याकडे पुन्हा ढुंकून पाहणार नाहीत. म्हणून तो कृती सांगत नाही, तयार गोळ्या देतो. पाण्यात उगाळून पापण्यांना लावा, संपल्या की या. नागार्जुन गोळी उगाळताना नुसत्या वासावरून तिच्यातली सत्तर द्रव्ये आणि त्यांचे प्रमाण ओळखतो. जादूगार थक्क होतो आणि चौघांना पूर्ण विद्या देतो.

मग चौघे राजवाड्यात ये-जा करू लागतात. शंभराहून अधिक दिवस जातात. अंतःपुरातल्या स्त्रियांवर त्यांनी केलेला अत्याचार त्या स्त्रियांच्या गरोदरपणातून उघडकीला येतो. राजा हादरतो. त्याच्या दरबारातला एक वृद्ध मंत्री म्हणतो, हे एक तर भुताचे काम असेल किंवा जादूगारांचे. सगळ्या दारांत बारीक माती पसरा. पावले उमटली तर माणसे आहेत, त्यांना सैनिक आवरतील. नाही उमटली तर भुते, त्यांच्यासाठी मंत्र पाहू.

माती पसरली जाते. चार जणांची पावले उमटतात. दारे बंद होतात आणि शेकडो सैनिक हवेत तलवारी फिरवतात. तिघे जागीच मरतात. नागार्जुन श्वास रोखून राजाच्या अगदी जवळ उभा राहतो, कारण राजापासून सात फुटांच्या आत शस्त्र चालवायला मनाई असते. तिथे उभ्या उभ्या त्याला आपण काय केले ते कळते. सुटलो तर भिक्षू होईन, असा तो निश्चय करतो आणि सुटल्यावर डोंगरातल्या एका स्तूपापाशी जाऊन दीक्षा घेतो.

महोदय, या कथेचे मोल त्या वृद्ध मंत्र्यात आहे. त्याच्यापुढे दोन शक्यता आहेत. कोणती खरी, हे तो आधी ठरवत नाही. दोन्हींत फरक दाखवील अशी एकच साधी कसोटी लावतो आणि निकाल काय लागला म्हणजे काय समजायचे, हे आधीच सांगून ठेवतो. विज्ञानाच्या पुस्तकातून वैज्ञानिक पद्धतीची व्याख्या पाठ करून येणाऱ्या मुलाला हीच पद्धत गोष्टीत भेटली, तर ती त्याला जन्मभर पुरेल.

हे पत्र भंडाऱ्यातून येण्याला कारण आहे. वैनगंगेच्या काठी वसलेल्या पवनीत 1969-70 मध्ये नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण यांनी मिळून उत्खनन केले. शां. भा. देव आणि जगतपती जोशी यांच्या देखरेखीखाली जगन्नाथ टेकडी आणि चांदकापूरची टेकडी इथे मोठे बौद्ध स्तूप उजेडात आले. नागार्जुन पवनीत राहिला, असे कोणी म्हणत नाही. पण ज्या प्रकारच्या स्तूपापाशी कथेतला तरुण जाऊन थांबतो, तसे स्तूप या जिल्ह्यातल्या मुलाच्या पायाखाली आहेत. अशा स्तूपांवरच्या सुरुवातीच्या बौद्ध शिल्पांत बुद्धाची मूर्ती नसते. रिकामे आसन, बोधिवृक्ष, पावलांचे ठसे यांतून त्याचे असणे दाखवतात. पवनीच्या मुलांना सहलीसाठी अजिंठ्याला नेतात. या टेकड्या त्यांच्या घराजवळ आहेत.

मंत्र्याची मातीही या जिल्ह्यात रोज पसरली जाते. कोका अभयारण्यात आणि उमरेड-पवनी-कऱ्हांडल्याच्या जंगलात वनरक्षक पायवाटेवर बारीक चाळलेल्या मातीचा पट्टा घालतात. वाघ दिसत नाही. त्याला कोणी पाहिलेले नसते. सकाळी त्या मातीवर चार बोटे आणि मागे तळव्याची गादी उमटलेली असते. गादीच्या मागच्या कडेला तीन फुगवटे असतात. नखे उमटत नाहीत, कारण वाघ चालताना ती आत ओढून घेतो. नख्यांच्या खुणा दिसल्या तर तो कुत्रा किंवा कोल्हा. ठसा चौरस असला तर नर असण्याची शक्यता जास्त, लांबट असला तर मादी. नागझिऱ्यातून 2013 मध्ये कऱ्हांडल्यात आलेला ‘जय’ नावाचा वाघ 2016 च्या एप्रिलपासून दिसेनासा झाला. त्याच्या गळ्यातली रेडिओ कॉलर गप्प झाली, तेव्हा त्याला शोधणाऱ्यांनी याच ठशांचा आधार घेतला, शिवाय कॅमेरे आणि गावोगावची विचारपूस. त्याचे पुढे काय झाले, हे आजही सिद्ध झालेले नाही. पण शोध मातीवरूनच घ्यावा लागतो, हे इथल्या गुराख्याच्या पोरालाही ठाऊक आहे. पुस्तकाने त्या ठाऊक असण्याला मान द्यावा, एवढीच अपेक्षा.

आता धोक्याबद्दल. अदृश्याच्या या विद्येला आपल्याकडे माणसे बळी पडली आहेत, आणि त्यांतली बरीच मुले आहेत.

पायाळू, म्हणजे पायाकडून जन्मलेल्या माणसाच्या डोळ्यात विशिष्ट अंजन घातले की त्याला जमिनीखालचे धन दिसते, ही समजूत महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांत फार जुनी आहे. बौद्ध तांत्रिक ग्रंथांत आठ सिद्धी मोजल्या आहेत. त्यांत अंजन आणि अंतर्धान दोन्ही येतात. एक दडलेले दाखवते, दुसरी दिसणारे दडवते. ग्रंथात वाचायला हे सुंदर आहे. पण शेतात हंडा आहे म्हणणारा मांत्रिक जेव्हा पायाळू मूल मागतो, तेव्हा त्या मुलाच्या जिवाला घोर लागतो. 1972 ते 1974 या काळात परभणी जिल्ह्यातल्या मानवतमध्ये मुली आणि स्त्रियांचे एकामागून एक खून झाले. गुप्तधन आणि अपत्यप्राप्ती यांसाठी दिलेले हे बळी होते, असा तपासाचा निष्कर्ष होता. तपास करणारे पोलीस अधिकारी रमाकांत कुलकर्णी यांनी नंतर लिहिलेल्या पुस्तकाचे नाव ‘फूटप्रिंट्स ऑन द सँड ऑफ क्राइम’. त्यावरून 2024 मध्ये ‘मानवत मर्डर्स’ ही मालिका आली आणि शाळकरी मुलांच्या मोबाइलपर्यंत पोचली. पाठ्यपुस्तकाने न सांगितलेली गोष्ट मालिकेने सांगितली. पण मालिका मुलाला प्रश्न विचारायला शिकवत नाही, तिथे शिक्षक लागतो.

महाराष्ट्राने यासाठी कायदा केला आहे. अशा कायद्यासाठी झटणारे डॉ. नरेंद्र दाभोलकर यांचा 20 ऑगस्ट 2013 रोजी पुण्यात खून झाला. त्यानंतर काही दिवसांत अध्यादेश निघाला आणि डिसेंबर 2013 मध्ये जादूटोणाविरोधी कायदा मंजूर झाला. त्याच्या अनुसूचीत गुप्तधनाच्या शोधासाठी करणी, भानामती यांच्या नावाने केलेली अघोरी कृत्ये आणि नरबळी यांचा स्पष्ट उल्लेख आहे. शिक्षा कमीत कमी 6 महिने, जास्तीत जास्त 7 वर्षे. दंड 5,000 ते 50,000 रुपये. असे गुन्हे शोधण्यासाठी आणि रोखण्यासाठी दक्षता अधिकारी नेमण्याची तरतूद आहे. ज्या मुलाला दुचाकीचा परवाना कितव्या वर्षी मिळतो हे ठाऊक असते, त्याला हा दक्षता अधिकारी कोण असतो, हेही ठाऊक असले पाहिजे. गुप्तधनाच्या कामात मांत्रिक ज्याला पायाळू म्हणून हुडकतो, ते मूल बहुधा शाळेतच बसलेले असते.

दुसरा धोका उलट बाजूचा आहे. न दिसणारे काही कोणी करते, असा आळ आला की तो आळ खोडून काढायला माणसाकडे साधन उरत नाही. ऑगस्ट 2021 मध्ये चंद्रपूर जिल्ह्यातल्या जिवती तालुक्यात वणी गावात जादूटोण्याच्या संशयावरून गावकऱ्यांनी म्हाताऱ्या स्त्री-पुरुषांना बांधून मारहाण केली. त्या गावात कोणी तरी उभे राहून विचारायला हवे होते: हे खरे असेल तर काय दिसायला हवे आणि खोटे असेल तर काय? दारात माती पसरणाऱ्या मंत्र्याने भुताची शक्यता नाकारली नव्हती. त्याने तलवार काढण्याआधी पुरावा मागितला होता. पुरावा चार माणसांचा निघाला, म्हणून शिक्षा त्या चौघांपाशी थांबली. वणीत पुरावा मागितलाच गेला नाही, म्हणून ज्यांच्याकडे बोट गेले ते सगळे खांबाला बांधले गेले.

तिसरा धोका प्रत्येक घरात शिरला आहे. खोट्या नावाचे खाते उघडून वर्गातल्या मुलीला त्रास देणारा मुलगा स्वतःला अदृश्यच समजतो. लपवलेल्या कॅमेऱ्याने कोणाचे चित्रण करणारा माणूसही तेच समजतो. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या 66 ई या कलमाखाली कोणाच्या खासगी अवयवांचे संमतीविना असे चित्रण हा गुन्हा आहे. पोलिसांना त्या खोट्या खात्यामागचा आयपी पत्ता, फोनचा क्रमांक, वेळ यांच्या नोंदी सापडतात. नागार्जुनाच्या तीन मित्रांची चूक नेमकी हीच होती: डोळ्यांना दिसलो नाही म्हणजे उरलोच नाही, असे त्यांना वाटले. त्यांच्या अपराधाचा भार मात्र ज्या स्त्रियांनी त्यांना कधी पाहिलेच नाही, त्यांच्यावर पडला. कथा शिकवताना हा भाग गाळू नये. आठवी-नववीच्या मुलांना संमती आणि शरीर यांबद्दल बोलायचे असते, आणि बोलायला जागा नसते. ‘राजवाड्यातल्या स्त्रियांवर अत्याचार’ एवढ्या स्वच्छ शब्दांत तो भाग लिहिता येतो.

काही शिक्षक आणि पालक हरकत घेतील. पुस्तकात जादू आणली तर मुले जादूवर विश्वास ठेवतील, असे ते म्हणतील. अनुभव उलटा आहे. अदृश्य होण्याच्या गोष्टी मुले कुठल्याही वाटेने वाचतातच. हॅरी पॉटरची पुस्तके मराठीत आली आहेत. त्यांतला अंगरखा अंगावर घेतला की मुलगा दिसेनासा होतो, पण त्याच पुस्तकांतल्या नकाशावर पावले चालताना दिसतात. एच. जी. वेल्सच्या 1897 च्या कादंबरीतला अदृश्य माणूस लंडनच्या रस्त्यावरून अनवाणी चालतो आणि चिखलाने भरलेल्या त्याच्या पावलांमागे पोरे लागतात. चांगल्या लेखकांना ही युक्ती पुन्हा पुन्हा सुचली. विदर्भाशी नाते सांगणाऱ्या कथेत ती दीड हजार वर्षांपूर्वीच आहे, आणि हे कळल्यावर मुलाला वाटणारा अभिमान डोळस असेल.

दुसरी हरकत श्रद्धेची असेल. योगसूत्रांच्या विभूतिपादात अंतर्धानाचे वर्णन आहे, मग ते नाकारायचे का, असे विचारले जाईल. पतंजलींनी त्याच पादात अशा सिद्धी समाधीच्या वाटेतले अडथळे आहेत, असे म्हटले आहे. कथेतला नागार्जुनही विद्या टाकूनच पुढे जातो. परंपरेने स्वतः घातलेला हा इशारा पुस्तकाने जसाच्या तसा द्यावा. त्यात कोणाच्या श्रद्धेला धक्का नाही.

यासाठी फार मोठा खटाटोप लागणार नाही. दोन कथा, दोन दोन पानांच्या. सोबत शिक्षकांसाठी चार प्रयोग, जे भंडारा, तुमसर, साकोली, लाखांदूर इथल्या कुठल्याही शाळेत थोडक्या खर्चात होतील. लिंबाच्या रसाने कोऱ्या कागदावर लिहायचे, वाळवायचे आणि दिव्याच्या उष्णतेवर धरायचे. तपकिरी अक्षरे उमटतात. सुरीच्या पात्याला जास्वंदीचे फूल घासून लिंबू कापायचे. ‘रक्त’ निघते, आणि मांत्रिकाचे निम्मे भांडवल तिथेच संपते. हळदीने रंगवलेल्या कागदावर चुन्याचे पाणी टाकायचे. तो लाल होतो. पायरेक्स काचेची कांडी ग्लिसरीनच्या पेल्यात बुडवायची; ती दिसेनाशी होते, कारण दोघांचा अपवर्तनांक जवळजवळ सारखा असतो आणि प्रकाश वळत नाही. 2006 मध्ये अमेरिकेतल्या ड्यूक विद्यापीठात सूक्ष्मलहरींपासून तांब्याचे एक नळकांडे लपवणारे आवरण बनवले गेले; त्यामागे मात्र लहरींना वस्तूभोवती वळण देण्याचे तत्त्व आहे. अंधश्रद्धा निर्मूलनाचे कार्यकर्ते यांतले काही प्रयोग वर्षानुवर्षे गावोगावी करत आले आहेत. ते पुस्तकात आले तर प्रत्येक शिक्षक ते करील.

पाचवा प्रयोग फुकट आहे. वर्गाच्या दारात चाळलेली माती पसरायची, सगळ्यांनी बाहेर जायचे आणि चौघांनी गुपचूप आत यायचे. उरलेल्यांनी पावलांवरून ते चौघे कोण, हे शोधायचे: कोणाची चप्पल घासलेली, कोण टाच टेकवत नाही, कोण धावत आला. चुकीचे नाव घेणाऱ्याला आपण का चुकलो, हे सांगावे लागेल. शाळेत बहुधा पहिल्यांदाच कोणाला तरी चुकीचा आरोप म्हणजे काय, हे अंगावर घ्यावे लागेल.

मंडळाकडे ‘किशोर’ आहे. नोव्हेंबर 1971 पासून निघणाऱ्या या मासिकाने मराठी मुलांना चांगले वाचायला दिले आहे. पाठ्यपुस्तक बदलायला वर्ष-दोन वर्षे लागतात, हे समजण्यासारखे आहे. तोवर येत्या दिवाळी अंकात नागार्जुनाची कथा आणि त्यानंतरच्या अंकात कौटिल्याच्या खोट्या शाळेची कथा छापता येईल. नव्या शैक्षणिक धोरणानुसार पुस्तके टप्प्याटप्प्याने बदलत आहेत. आठवीच्या मराठीच्या पुस्तकाची पाळी येईल तेव्हा या कथांचा विचार व्हावा आणि त्यांच्या स्वाध्यायात 2013 च्या कायद्याचे एक पान, दक्षता अधिकाऱ्याचे काम आणि सायबर फसवणुकीसाठीचा 1930 हा क्रमांक यावा. पवनीच्या टेकड्यांचा नकाशा आणि छायाचित्र पुरातत्त्व विभागाकडून मिळू शकेल. भंडाऱ्यातले शिक्षक आणि वनरक्षक प्रयोगांची चाचणी घ्यायला पुढे येतील. त्यासाठी मंडळाने जिल्हा परिषदेच्या शिक्षण विभागाला एक पत्र पाठवावे, ही नम्र विनंती.

आपला स्नेहांकित,
भंडारा जिल्ह्यातील एक वाचक